बिरुदेवची लाल गाडी

ऐका, ओळखीतल्या माणसांची, झालेलीच गोष्ट आहे. मंद्रूपला बजाबाई राहते. तिला दोन लेक, थोरला बिरुदेव आणि धाकटा शिवराज. बिरुदेव एके दिवशी घरात भांडून गेला, तो गेलाच. बारा वर्षं भरली, ना चिठ्ठी ना फोन. मग भावकीनं ठरवलं, दर्भाचा माणूस करायचा, त्यालाच बिरुदेव म्हणायचं, अग्नी द्यायचा आणि दिवस घालायचे.

आदल्या दिवशी शिवराज सामान आणायला सोलापूरला गेला. शुक्रवार पेठेत मृत्युंजयचं कॉम्प्युटर दुरुस्तीचं दुकान. शिवराजनं त्याच्यापुढं लॅपटॉप ठेवला आणि गाड्यांच्या शर्यतीच्या गेमची जुनी सीडी. दोघे भाऊ एकाच कीबोर्डवर तो खेळायचे.

"उद्या दादाचं करायचंय. त्याच्या आधी एकदा चालू करून दे की."

"ह्यो गेम जुनं ग्राफिक्स कार्ड मागतोय," मृत्युंजय म्हणाला. "ते बंद पडून लई वर्षं झाली. एक फाईल टाकतो. ती गेमला खोटंच सांगंल, कार्ड अजून जिवंत हाय म्हणून."

"आन् गेम मानतोय?"

"मानतोय की. त्याला कुटं मेल्याची खबर गेलीय?"

मार्गशीर्षातली वद्य अष्टमी. रात्रीचे एक वाजून दहा मिनिटं. बजाबाई भिंतीला टेकून जागीच होती. शिवराजनं गेम लावला आणि सवयीनं दोन खेळाडू निवडले. निळी गाडी त्याची, बाणांच्या बटणांवर. लाल गाडी दादाची, डाव्या बाजूच्या चार अक्षरांवर. ती आपली नुसती उभी राहणार होती.

शर्यत सुटली.

लाल गाडी पुढं गेली.

शिवराजनं हात उचलले. दोन्ही. निळी थांबली. लाल... पळतच होती. डावीकडची बटणं खाली जात होती. वर येत होती. टक्. टक्. समोर कुणी नव्हतं.

"आई... दादा गेलाय गं. त्याचं भूत आलंय."

बजाबाई जवळ आली.

लाल गाडी शेवटच्या रेषेपाशी गेली. थांबली... धाकट्याला जिंकू द्यायला बिरुदेव असाच थांबायचा.

"खेळ."

"आई, नको..."

"खेळ म्हनते न्हवं! वाट बघतोय त्यो."

शिवराजनं निळी गाडी रेषेपार नेली. बटणं गप्प झाली.

सकाळी गुरुजी आले, भावकी जमली. शिवराज रडकुंडीला आला. "करून टाक गं आई. मानगुटीवर बसंल त्यो आपल्या."

बजाबाईनं दर्भाची पेंडी उचलली आणि म्हशीपुढं टाकली. "थांबनाऱ्याला म्या जाळत न्हाय."

एकविसाव्या दिवशी बिरुदेव एसटीतून उतरला. जिवंत, धडधाकट. दूर कुठल्याशा कारखान्यात होता म्हणे. आज त्याचं लग्न झालंय, लेक झालीय, आणि ती बजाबाईच्या मांडीवर खेळते. घर भरलं.

फक्त त्याच्या डाव्या हाताला तीन बोटं नाहीत. परत यायच्या सहा वर्षं आधीच यंत्रात गेली.

आणि शिवराजच्या लॅपटॉपची ती चार बटणं... रोज रात्री तो पुसून ठेवतो. रोज सकाळी त्यांवर यंत्राच्या तेलाचे डाग असतात. तीन बोटांचे.