पाइकच्या बाकावरच्या पट्ट्या

भुताखेतांवर विश्वास ठेवणाऱ्या माणसांबद्दल माझं मत चांगलं नाही. आजही नाही. तेव्हा मी सांगेन ते ऐकून उगाच मान डोलावू नका. तो दिवा जरा अलीकडे सरकवा आणि गप्प बसून ऐका, एवढं पुरे.

छत्तीस वर्षं मी होबार्टमध्ये लोकांचे दात दुरुस्त केले. माझ्या हाताला तोड नव्हती, हे मी नाही, माझे पेशंट सांगायचे. दुसऱ्या कुणी भरलेला दात दिसला की माझ्या नाकातून आपोआप एक आवाज निघायचा, "हं." समोरचा आ वासून पडलेला, त्याला उलट काही बोलता येत नसे. घरी आल्यावरही ती सवय सुटत नसे. ताट समोर आलं की, "हं." माझी बायको इसोबेल कधी भांडली नाही. ती आपली चूल पुसत राहायची. मी समजायचो, तिला ते ऐकूच येत नाही.

ती गेल्याला दोन वर्षं झाली, आणि आमच्या मुलीचं, कॅट्रिओनाचं, ॲडलेडहून पत्र आलं. चार ओळींचं. आईच्या वस्तूंपैकी मला काही नको, तिचं स्वयंपाकाचं पुस्तक तेवढं पाठवा. खाली नाव. 'बाबा' हा शब्द पत्रात कुठेच नव्हता.

पुस्तक काढून पाहिलं. पाठ उखडलेली, पानं सुटलेली, लोण्याचे डाग. असलं चोथा झालेलं पुस्तक पाठवणं माझ्यासारख्याला शोभलं नसतं. बांधायला दुकानात दिलं असतं, पण मला मुलीला दाखवून द्यायचं होतं, की हा माणूस मनात आणेल ते हाताने करू शकतो. म्हणून मी पुस्तकबांधणी शिकायला गेलो.

हुऑन नदीकाठी एक जुनी सफरचंदांची वखार आहे. तिथे ऊना हॅलेट नावाची सत्तरीची बाई दर शनिवारी दुपारी शिकवायची. शिष्य दोनच. एक मी. दुसरा बेव्हन ट्रास्क. ब्रूनी बेटाच्या फेरीबोटीवर जन्मभर दोर बांधलेला माणूस. बोटं केळ्यांसारखी. तो बापाचं भजनाचं पुस्तक नीट करायला आला होता आणि असा शिवायचा, की जणू फेरीबोटच धक्क्याला बांधतोय. एकेका टाक्यापाशी जीभ बाहेर.

"डॉक्टरसाहेब, हे बघा, जमलं का?" तो दर वेळी विचारायचा.

"तुला काय वाटतं?" मी म्हणायचो.

"मला वाटतं, जमलं."

"मग झालं तर."

त्याला टोमणा कळायचा नाही, किंवा कळून तो हसायचा. दोन्ही सारखंच.

वखारीत तीन बाकं होती. तिसऱ्यावर कुणी बसत नसे. ते अँब्रोज पाइकचं, ऊनाच्या गुरूचं बाक. तो मरून एकोणीस वर्षं झाली होती. तरी बाई त्या बाकावर हाडाच्या मुठीची त्याची सुरी आणि मेणाची वडी मांडून ठेवायची, धूळ पुसायची. असल्या नाटकांचा मला तिटकारा आहे.

पुस्तक सोडवायला दोन शनिवार गेले. पानांचे जुडगे, त्यांना जुज म्हणतात, एकेक करून सुटे केले, जुना सरस खरवडला. मग कडांचा प्रश्न आला. बाहेरच्या कडेने पानापानावर इसोबेलने पेन्सिलीने बारीक काहीतरी लिहिलं होतं. दोन-तीन ठिकाणी माझं नाव, लीथ, दिसलं. पुढचं मी वाचलं नाही.

"कडा खराब झाल्यात," मी ऊनाला म्हणालो. "बोटभर कापून टाकतो."

तिने पान उजेडाकडे धरलं. "डॉक्टर, कडेला अक्षर आहे."

"रेघोट्या आहेत."

"पुस्तकात जे सापडतं ते पुस्तकातच ठेवायचं. पाइकने मला एवढा एकच नियम शिकवला, बाकी सगळं मारून मुटकून."

"पाइक गेला, बाई. पुस्तक माझं आहे."

ती चहा ठेवायला आत गेली, तेवढ्यात मी कापण्याच्या यंत्राचा दांडा ओढला. कडा सुरेख निघाल्या. पट्ट्या खालच्या खोक्यात पडल्या. बेव्हनने पाहिलं. त्या दिवशी त्याने "जमलं का" असं विचारलं नाही.

संध्याकाळपर्यंत मी सगळे जुज शिवले. मेण लावलेला दोरा, सारखा ताण, एकही टाका वाकडा नाही. ऊनाने बोट फिरवलं आणि म्हणाली, "हात चांगला आहे तुमचा." चांगला म्हणे.

पुढच्या शनिवारी माझी शिलाई उसवलेली होती. ओढून तोडलेली नव्हती. प्रत्येक गाठ नेमकी मधोमध कापलेली, आणि जुज एकावर एक चौकोनी रचून ठेवलेले. शेजारी बेव्हनचं ते गबाळं भजनाचं पुस्तक जसंच्या तसं.

"पाइकला पटलं नाही की तो असंच करायचा," ऊना चहा ओतत म्हणाली. "तोंडाने बोलायचा नाही. सुरी घ्यायची, गाठी कापायच्या, निघून जायचं. माझ्या पहिल्या वर्षातलं एकही पुस्तक टिकलं नाही."

"आणि याचं पटलं त्याला?" मी बेव्हनकडे बोट दाखवलं.

"मलाही नवलच वाटतं," बेव्हन म्हणाला.

मी पुन्हा शिवलं. पुढल्या शनिवारी पुन्हा तेच. किल्ली ऊनाकडे असायची. पण माझा संशय बेव्हनवर होता. माझ्यापुढे ज्याचा टिकाव लागत नाही असा माणूस दुसरं काय करणार?

तिसऱ्या खेपेला जूनचा शेवटचा शनिवार होता, इथला ऐन हिवाळा. शिवून झालं तेव्हा तीन वाजले होते, पण नदीवरून धुकं वर आलं होतं आणि वखारीत दिवा लावावा लागला. बेव्हनच्या गाडीचं चाक चिखलात रुतलं म्हणून ऊना आणि तो फळी घेऊन बाहेर गेले. मी उठलो नाही. म्हटलं, आता पुस्तक माझ्या हातात आहे आणि संशयित बाहेर आहे. बघू.

खळीचा आंबूस वास येत होता. लाकडात मुरलेला सफरचंदांचा जुना वास येत होता. बाहेरून बेव्हनचं "अजून थोडं, अजून थोडं" ऐकू येत होतं, मग धुक्यात तेही विरलं.

टक्.

आवाज माझ्या मुठीतून आला होता. मी पुस्तक पाठीकडून दोन्ही हातांत धरलं होतं. डाव्या अंगठ्याखालचा दोरा सैल झालेला मला जाणवला.

टक्.

या वेळी नखाला काहीतरी थंड घासून गेलं. पातळ, गुळगुळीत. आयुष्यभर पोलादाशी खेळलेला माणूस मी, पातं मला डोळे मिटूनही कळतं. समोर कुणी नव्हतं. हात सोडवेना... पुस्तक टाकावं असं वाटत होतं आणि बोटं उघडत नव्हती. गाठी एकेक करून तुटत वर येत होत्या, घाई न करता, जशी मी रोग्याच्या जबड्यात एकेक दाढ तपासत जायचो तशी. शेवटची गाठ तुटली आणि माझ्या कानाशी, अगदी कानाच्या पाळीशी, कुणीतरी नाकातून श्वास सोडला.

"हं."

मी माणूस म्हणून किती हलका आहे, ते मला त्या एका अक्षरात कळलं. रागावलेल्या माणसाचा तो आवाज नव्हता. रागावण्याइतकी तरी माझी किंमत त्यात हवी होती ना.

"काय... काय चुकलं?" मी विचारलं. विचारताना माझा आवाज पोरासारखा चिरकला. शिलाईत चूक नव्हती हो. एकही नव्हती.

माझी मान आपोआप वळली. पाइकच्या बाकावर माझ्या पट्ट्या मांडलेल्या होत्या. खोक्यातल्या सगळ्या, पानांच्या क्रमाने, एकाखाली एक, अक्षर वरच्या बाजूला.

मी वाचल्या. उभ्या उभ्या वाचल्या.

'मीठ बरोबर होतं. पाहुण्यांसमोर म्हणायला नको होतं.' 'लीथ म्हणाला, चिखल. कॅटने दोनदा वाढून घेतलं, माझ्यासाठी.' 'पुन्हा करायचं नाही.' 'पुन्हा करायचं नाही.' आणि सफरचंदाच्या पुडिंगपाशी, 'आज तो जेवताना काहीच म्हणाला नाही. किती छान दिवस गेला.'

काही न म्हणणं ही मी तिला दिलेली सगळ्यात मोठी भेट होती. मी तसाच, कोट न घालता, बाहेर धुक्यात गेलो.

ऊना आणि बेव्हन चाकाशी वाकले होते. मी काय बडबडलो ते आठवत नाही. बेव्हनने स्वतःचा कोट माझ्या खांद्यावर टाकला आणि म्हणाला, "चला डॉक्टरसाहेब, आपण तिघं मिळून बघू." चिखलाने बरबटलेला कोट. तोही मी घेतला.

दहा मिनिटंही झाली नसतील. आत आलो तर पाइकच्या बाकावर एकही पट्टी नव्हती. पुस्तकाचे जुज माझ्या बाकावर होते आणि पानापानाला त्याची कड चिकटवलेली होती. पातळ जपानी कागदाचा जोड, असा की नखालाही लागू नये. असलं काम माझ्याच्याने आठ दिवसांत झालं नसतं.

ऊनाने चष्मा चढवून एकेक पान पाहिलं.

"पाइकचा हात," मी म्हणालो.

"छे," ती हळूच म्हणाली. "पाइकने उभ्या जन्मात फक्त कापलं. खळीचा ब्रश हातात धरला नाही कधी. चिकटवणं बायकांचं काम म्हणायचा." मग तिने बेव्हनकडे पाहिलं. "दार लावून घे रे."

पुस्तक आठ दिवस दाबाखाली ठेवलं. पुढल्या शनिवारी मी ते त्या दोघांच्या देखत शिवलं. तीन टाके वाकडे आले. ते वाकडे टाके राहिले. कुणी कापले नाहीत. पुठ्ठा चढवला, पाठीला साधं कापड लावलं. पाठवण्याआधी मी पानापानावरून हात फिरवला, सगळं कोरडं ठणठणीत होतं. सोबत चिठ्ठी घातली नाही. काय लिहिणार होतो?

तीन आठवड्यांनी कॅट्रिओनाचा फोन आला. ती रडत होती की काय, कळेना.

"वाचलं मी," ती म्हणाली. "तुम्ही कापून टाकाल असं वाटलं होतं मला, बाबा."

मी काहीच म्हणालो नाही. तेवढं मला येतं.

"एक विचारायचं होतं. कडा चिकटवल्यात ना तुम्ही..."

"हो. म्हणजे... चिकटवल्या गेल्या."

"मग त्या वाळत का नाहीत? रोज सकाळी बघते. रोज बोटाला खळ लागते." दूर तिच्या स्वयंपाकघरात काहीतरी रटरटत होतं. "आणि बाबा... ती कोमट असते, नुकतीच शिजवल्यासारखी."