सात सेकंदांची शांतता

धम्मदीप औंढ्याहून तांड्याकडे निघाला तेव्हा दुपारचे तीन वाजले होते. काम साधंच होतं. शाळेच्या खोलीत पडदा लावायचा, आपला जुना माहितीपट दाखवायचा आणि दिवेलागणीआधी हिंगोलीला परतायचं. माहितीपट काढण्यात अठरा वर्षं गेली, पण ज्या फिल्मनं त्याचं नाव झालं ती तांड्यानं कधी पाहिलीच नव्हती. दर वेळी 'पुढच्या महिन्यात येतो' म्हणून त्यानं तोंडाला पानं पुसली होती.

ती फिल्म याच तांड्यातल्या बेबीबाईची. तिचा लेक प्रेमदास ऊसतोडीला गेला तो परतलाच नाही. झोपडीचं दार स्वतः लोटून घेऊन धम्मदीपनं तिची मुलाखत घेतली होती. आत दोघंच. शेवटी ती एवढंच म्हणाली होती, "माझ्या पोराचं नाव तेवढं राहू द्या. कुनी पाहिलं तर सांगंल."

आणि यानं नेमकं नावच कापलं! नाव घेताच म्हातारीनं मान दाराकडे वळवली होती, कॅमेऱ्यातली चौकट बिघडली होती. मुलाखतीनंतर खोलीतली नुसती शांतता मिनिटभर रेकॉर्ड करून ठेवायची, ठिगळाला कामी येते, ही या धंद्याची रीत. तीच सात सेकंद शांतता त्यानं म्हातारीच्या गप्प चेहऱ्यावर जोडली. महोत्सवातल्या परीक्षकांनी त्या शांततेचंच कौतुक केलं.

बेबीबाई गेल्या महिन्यात वारली. याडी, म्हणजे आई, शेवटपर्यंत विचारत होती, सिनेमात नाव आलं का, असं तिची लेक रुपा फोनवर म्हणाली. फिल्म झाली तेव्हा धम्मदीपनं म्हातारीला बेधडक 'व्हय' सांगून टाकलं होतं. ते खोटं त्याला आता जाळत होतं. म्हणून कापलेला तुकडा त्या शांततेच्या आधी पुन्हा जोडून त्यानं आणला होता.

शाळेच्या खिडक्यांना घोंगड्या लावल्या. अंधारात लोकरीचा आणि घामाचा वास दाटला. पडद्यावर बेबीबाई म्हणाली, "प्रेमदास." मान दाराकडे वळली. मग शांतता सुरू झाली. एक... दोन... तीन... आणि त्या शांततेत, पडद्यावरच्या दाराबाहेरून, कुणीतरी हळूच ओ दिली.

"याडी..."

 ही शांतता धम्मदीपनं शंभरदा तरी ऐकली होती. तिच्यात कधी कुणी नव्हतं.

रुपा उठून त्याच्याजवळ आली. "माझ्या भावाचा आवाज हाय," ती दबक्या आवाजात म्हणाली. "तुमाला भेटला व्हता तो... मंग याडीला सांगितलं काहून न्हाई?"

 त्यानं नाव तेव्हाच राहू दिलं असतं, तर ही ओ तेव्हाच आली असती, आणि ऐकायला म्हातारी होती. तेवढंच तर तिनं मागितलं होतं.

फिल्म थांबवायला तो वळला. पडद्यावर बेबीबाई नव्हती. ती बसली होती ती खाट रिकामी होती आणि खाटेमागे, त्यानं स्वतः लोटलेलं दार सताड उघडं होतं.