तहानलेलं मडकं

थोरलीचं काम लोकांना समजावून सांगणं अवघड होतं, आणि आईला समजावून सांगणं त्याहून अवघड. "पाणी शोधतेस ना? मग खणत का नाहीस?" हा आईचा ठरलेला प्रश्न. थोरली सांगायची की खणायच्या आधी ऐकायचं असतं. कुठे लांबवर वीज कडाडते, सूर्याकडून काहीबाही झोत येतात, त्याने सगळ्या पृथ्वीवर विजेची एक बारीक थरथर सतत चालू असते. ती जमिनीत उतरते. चपळ असेल ती वरच्यावर विरते, संथ असेल ती खोल जाते. चार दिशांना चार मडकी पुरायची, त्यांच्या तारा मधल्या पेटीला जोडायच्या, शेजारी माणसाच्या उंचीच्या नळ्या आडव्या गाडायच्या आणि आपण लांब जाऊन गप्प बसायचं. पेटी ऐकते. खाली कोरडा खडक आहे की ओल आहे, आणि किती खोल, ते तिच्या नोंदींवरून कळतं.

"म्हणजे डॉक्टर छातीला नळी लावतो तसं," आई म्हणायची. "आणि औषध कोण देणार?"

औषधाची गरज खरोखरच होती. आईच्या गावातलं तळं आटून तळाला भेगा पडल्या होत्या, विहिरींत दगड दिसत होते आणि टँकर आला तर आला. धाकटी बहीण परदेशात. आई त्या गावाच्या टोकाच्या घरात एकटी. शहरात चल म्हणून थोरलीने किती वेळा विनवलं, पण आई बधायला तयार नव्हती. नेमकं याच गावाचं काम थोरलीकडे आलं तेव्हा आईनेच तोड काढली.

"तुझ्या पेटीने पाणी नाही म्हटलं तर मी मुकाट्याने निघते. आहे म्हटलं तर हा विषय पुन्हा काढायचा नाही."

थोरलीने कबूल केलं. आतून तिला वाटत होतं की पाणी लागलं नाही तर बरं. गावाचं वाईट चिंतल्याबद्दल तिला स्वतःचा रागही आला, पण वाटत होतं ते वाटतच होतं.

मडकी आणि पेटी मांडायचं पहिलं ठाणं त्यांनी तळ्याच्या कोरड्या पात्रात लावलं. त्यांनी म्हणजे थोरलीने आणि गाडी चालवणाऱ्या काकांनी. काका नावाला ड्रायव्हर. खड्डे, तारा, मडकी सगळं त्यांच्या हातचं, आणि बडबडही. ही मडकी म्हणजे तळाला सच्छिद्र अशी छोटी भांडी, आत मिठाचा चिखल. चिखल ओला राहिला पाहिजे, नाहीतर जमिनीशी संबंध तुटतो आणि नोंद वाया जाते.

रात्रभर नोंद झाल्यावर सकाळी तीन मडकी सहज निघाली. काठाचा टवका उडालेलं चौथं मात्र गळ्यापर्यंत खाली गेलं होतं. तळ्याची माती दगडासारखी, पण मडकं रुतलेलं. दोघांनी मिळून ओढलं तेव्हा ते सुटलं. बुडाला काळी चिकट माती होती आणि तिला वास येत होता, वर्षानुवर्षं झाकून ठेवलेल्या विहिरीचं झाकण काढल्यावर यावा तसा.

"खालून कुणी धरून ठेवलं होतं की काय," काका म्हणाले आणि स्वतःच हसले. त्यांनी ते घासूनपुसून चिखल बदलून ठेवलं. वास काही पुरता गेला नाही.

नोंदी चांगल्या आल्या. पात्राखाली बरंच खोल एक ओलसर पट्टा दिसत होता, एका बाजूला निमुळता. काका खूश झाले. थोरली तारा गुंडाळायला लागली.

दुसरं ठाणं टेकडीच्या उतारावर होतं, तळ्यापासून चांगलंच लांब. तिथेही तोच पट्टा. आकार तोच, निमुळती बाजू तीच, फक्त थोडा वर. तिसऱ्या ठाण्यावर माळ होता, नुसता खडक. पट्टा तिथेही होता आणि आणखी वर होता.

पाणी असं माणसाच्या मागे चालत येत नाही. यंत्रच बिघडलंय असं थोरलीने ठरवलं. तिने पेटी बदलली. तारा बदलल्या. नळ्यासुद्धा दुसऱ्या मागवून घेतल्या. मडकी तेवढी तीच ठेवली, कारण त्यांत बिघडण्यासारखं होतंच काय? मीठ आणि माती. टवक्याच्या मडक्यातला चिखल रोज सकाळी सुकून भुगा झालेला असायचा आणि बाकीच्यांतला ओला, एवढाच काय तो फरक. "हे एक तहानलेलंच," असं म्हणून काका त्यात जास्तीचं पाणी ओतायचे. कामाच्या धबडग्यात इकडे कुणाचं लक्ष जातं?

मग आईच्या अंगणाची पाळी आली. विजेच्या तारा जवळ असल्या की नोंदीत गोंगाट होतो, म्हणून आईने घराचं मुख्य बटणच बंद केलं आणि मेणबत्त्या काढून ठेवल्या. मुलगी आपल्या घरी काम करतेय याचंच तिला कौतुक. मलाही काहीतरी काम दे म्हणून ती मागे लागली, तेव्हा थोरलीने मागच्या भिंतीजवळचं टवक्याचं मडकं दाखवलं.

"हे सुकू द्यायचं नाही. मधूनमधून थोडं पाणी घाल. पण अंगणात हळू चाल, पाऊल वाजलं की पेटीला कळतं."

"एवढे तिखट कान?"

"हो. आणि बोलतही नाही ती, नुसती ऐकते."

"म्हणजे तुझ्या वडिलांच्या अगदी उलट," आई म्हणाली. दोघी हसल्या. खूप दिवसांनी त्या घरात भांडणाशिवाय संध्याकाळ गेली.

सकाळी नोंदी हातात आल्या तेव्हा थोरली स्वयंपाकघरातल्या टेबलाशी लॅपटॉप उघडून बसली होती. पट्टा घराच्या पायाइतका वर आला होता. तिने आकडे पुन्हा चालवले. तेच. बाहेर जाऊन तिने काकांना टवक्याच्या मडक्यापासून थोडं बाजूला पहारीने खणायला लावलं. हात कोपरापर्यंत आत गेला तरी माती कोरडी ठणठणीत. पेटी मात्र सांगत होती की इथे, अगदी इथेच, काहीतरी ओलं आहे.

थोरलीने खड्डा घाईघाईने बुजवला. का, ते तिला सांगता आलं नसतं. तिला फक्त आईला त्या घरातून बाहेर काढायचं होतं.

"काय म्हणते पेटी?" आईने दारातून विचारलं.

"पाणी नाही, आई."

आईने पुसलेलंच टेबल पुन्हा पुसलं. मग म्हणाली, "बरं. शब्द दिलाय तर निघायला हवं. तुझं ते शेवटचं ठाणं उरकून ये, तोवर मी सामान बांधते."

निघताना गाडीपाशी मडकी मोजायची त्यांची पद्धत होती. काका एकेका दिशेचं नाव घ्यायचे आणि थोरली "आलं" म्हणायची. हे झाल्याशिवाय गाडी हलत नसे. त्या दिवशी आई फाटकात उभी होती आणि थोरलीला तिच्या नजरेला नजर देववत नव्हती. ती पुढे बसली आणि "चला" म्हणाली. काकांनी तिचा चेहरा बघून मोजणी सोडून दिली.

शेवटचं ठाणं लांब, उघड्या माळावर होतं. तिथली नोंद आली ती एकदम स्वच्छ. खालपर्यंत कोरडा खडक, पट्ट्याचा मागमूस नाही. थोरलीचा जीव भांड्यात पडला. म्हणजे नवी पेटी ठीक होती, आधी कुठेतरी आपणच चुकलो. आता गावात परत जायचं, आईला घ्यायचं आणि शहर गाठायचं. ती गुणगुणतच नळ्या पुसत होती.

"ताई," काका मागून म्हणाले. "एक मडकं कमी आहे."

"चार तर लावली होती."

"त्यातलं एक जादाचं, अडीअडचणीला गाडीत असतं ते. काल पिशवीत तीनच निघाली. वाटलं, तुम्ही ते खराब म्हणून बाजूला काढलं असेल."

"कुठलं कमी आहे?"

"ते तहानलेलं."

थोरलीच्या हातातलं फडकं तसंच राहिलं. पेटी बदलली होती, तारा बदलल्या होत्या, नळ्या बदलल्या होत्या. पट्टा येतच राहिला होता. ते मडकं नव्हतं तिथेच फक्त तो आला नव्हता.

तिने फोन लावला. आईने पहिल्याच घंटेला उचलला. आवाज प्रसन्न होता, जरासा थकलेला.

"आई, मागच्या भिंतीजवळ आमचं एक मडकं राहिलंय."

"माहीत आहे की. तूच सांगून गेलीस ना, सुकू द्यायचं नाही? घालतेय मी पाणी."

"आता नको घालूस. आई, ऐकतेस ना? घालू नकोस."

"अगं, लगेच सुकतं ते. आधी पेलाभर पुरायचं. मग तांब्या. आता बादलीसुद्धा..." आई थांबली. "टँकरचं आहे थोडं पिंपात. माझ्यापुरतं घोटभर ठेवते मी. मला कितीसं लागतं?"

काकांनी न विचारताच गाडी सुरू केली. थोरली आत बसली. फोन तिने कानाला घट्ट धरला होता.

"सामान बांधलंस का?"

"राहूनच गेलं बघ. आणि मी निघाले तर याला पाणी कोण घालणार?" आईने आवाज खाली आणला. "तू ये. पण येताना हळू चालत ये. आता पाऊल वाजलं की... खालूनही वाजतं."

"आई, तू घराबाहेर पड. रस्त्यावर जाऊन उभी राहा. मी पोचतेच."

"घाबरतेस कशाला? थांब, तुला ऐकवते. तुझ्या पेटीला नसेल ऐकू आलं, मला येतं."

फोन कशावर तरी टेकल्याचा आवाज झाला. मग काही वेळ काहीच नाही. मग थोरलीला ऐकू आलं. कुणीतरी पाणी पीत होतं. सावकाश, पोटभर, मधेच थांबून दम खात.

"ऐकलंस?" आईने विचारलं.

तिचा आवाज लांबून आला, घराच्या आतून. पिंपात तांब्या बुडाल्याचा आवाजही तिथूनच येत होता. फोन मागच्या भिंतीजवळ, मडक्यापाशी जमिनीवर होता.

"हो," थोरली अगदी हळू म्हणाली.

आणि फोनजवळचे घोट थांबले.