तिसरी हाक

नवरा मेला असं कोर्टानं एकदा लिहून दिलं, की लेकीची, पिंकीची नोकरी पक्की होती. हे वाक्य मनात म्हणतानाही मायाला ओशाळल्यासारखं व्हायचं. पण सात वर्षं झाली होती. देवीदास मेश्राम, रेल्वेतला फिटर, पडद्याचं कापड आणतो म्हणून पंडरीच्या कापडबाजारात गेला तो गेलाच. घराला अजून पडदे नव्हते. बापाच्या जागी पोट्टीला घ्यायला रेल्वे तयार होती. फक्त तो मेल्याचा कागद हवा होता, आणि तोही याच महिन्यात.

रायपूर राजधानी झालं तसा कोर्टाला नवा रंग लागला, कूलर मात्र जुनाच खडखडत राहिला. दर तारखेला शिपाई विनायक दारात उभा राहून तीनदा पुकारायचा, "देवीदास मेश्राम, हाजिर हो." हरवलेल्या माणसाला आधी हाक मारायची, मगच मेला म्हणायचं, अशी तिथली रीत.

"तो येत नाही, हीच तं आपली केस आहे," श्यामकांत वकील पहिल्याच तारखेला म्हणाले होते. "पुकारू द्या ना ताई. त्याच्या बापाचं काय जाते?"

आज निकाल होता. पहिली हाक झाली. दुसरी झाली. तिसऱ्या हाकेला विनायक दारातून बाजूला सरकला.

"हव, आओ भैया."

आत कोणीच आलं नाही.

पण बाकावरच्या दोघी बायांनी पाय आखडून घेतले, कोणाला तरी वाट द्यावी तसे. फाइलनं वारा घेणारा वकिलांचा हात थांबला. जज्जसाहेब चष्म्यावरून मायाच्या उजव्या बाजूला पाहू लागले. तिथं नुसती भिंत होती.

"देवीदास मेश्राम आप ही हैं?"

कूलरची खडखड. मग टायपिस्ट बाईची बोटं चालली, थांबली.

"इतने साल कहाँ थे?"

या वेळी बोटं बराच वेळ चालली. मध्येच बाईनं मायाकडे पाहिलं, कीव आल्यासारखं.

"वकीलसाहेब," माया कुजबुजली, "हे कोणाशी बोलून राहिले?"

श्यामकांत तिच्याकडे पाहतच राहिले. "काहून असं करता ताई? माणूस समोर उभा आहे, तं मेला का नाही हे आता काय ठरवाचं? अर्जाचं कामच उरलं नाही. खारीज होईल. तुम्ही फक्त त्याले ओळखा."

ओळखलं की पिंकीची नोकरी गेली. मायानं भिंतीकडे पाहिलं. चुना. एक खिळा.

"नहीं साहब," ती म्हणाली. "ये मेरे पति नहीं हैं."

जज्जांनी पेन खाली ठेवलं. आवाज चढवला नाही.

"तो फिर इन्होंने आपका हाथ क्यों पकड़ रखा है?"

मायानं खाली पाहिलं.

उजव्या हातातल्या बांगड्या कोपराकडे सरकून दाटल्या होत्या. हात सरळ खाली लोंबत होता, आणि त्या खाली येत नव्हत्या.