पाचवा शर्ट

अनोसिकेकडे पाच शर्ट होते. दोन पांढरे, एक खाकी, एक पिवळ्या रेघांचा आणि एक निळा. निळा लग्नातला. अनोसिके लॉरी चालवायचा, आणि लॉरीवाल्याकडे पाच शर्ट म्हणजे उमुओहा गावात चैनच समजली जायची. लढाईवर निघाला तेव्हा नायजेरियातून फुटलेल्या बायाफ्राचं नवं सरकार कपडे देणार असं सांगितलं होतं, म्हणून तो नुसत्या बनियनवर गेला. सरकारने टोपी दिली.

त्याच्या बायकोने, उगोयेने, पाचही शर्ट धुतले, घडी घालून पत्र्याच्या पेटीत ठेवले, कुलूप लावलं आणि किल्ली कमरेच्या कापडाच्या गाठीत बांधली. ती शाळेत गणित शिकवायची. मोजून ठेवलेली वस्तू ठेवल्या जागी सापडली पाहिजे, एवढाच तिचा देवधर्म होता. बाकीचा तिने रविवारच्या प्रार्थनेला आणि सासरच्या म्हाताऱ्यांना वाटून दिला होता.

पुढे शाळा बंद झाली. बाकांच्या जागी पोती आली. दुधाची पावडर, मीठ, फळीसारखा कडक सुका मासा. रात्रीच्या विमानांनी येणारं हे अन्न भुकेल्या पोरांना वाटायचं काम इबेक्वेकडे आलं. इबेक्वे हा अनोसिकेचा थोरला भाऊ. लढाईवर तो गेला नव्हता, कारण त्याचा गुडघा दुखायचा. पोती उचलताना दुखायचा नाही.

इबेक्वेकडे यादी होती. यादीत कुणाचं नाव घालायचं हे तो ठरवायचा आणि नसलेल्याला फार वाईट वाटल्याचा चेहरा करायचा. हा चेहरा त्याला छान जमायचा.

उगोयेचा धाकटा, उझोमा, चार वर्षांचा होता. त्याचे पाय सुजले, केस तांबूस झाले, मग तो रडायचाही थांबला. तो रडायचा थांबला तेव्हा उगोये त्याला पाठीला बांधून शाळेच्या दारात उभी राहिली. ज्या दारात ती अकरा वर्षं पोरांची हजेरी घ्यायची, त्याच दारात. इबेक्वेने यादीवरून बोट फिरवलं. खालपर्यंत नेलं, परत वर आणलं.

"यादीत नाव नाही गं, आमची बायको," तो म्हणाला.

तिकडे सून एकट्या नवऱ्याची नसते. सगळी भावकी तिला 'आमची बायको' म्हणते, लाडाने. तिला शेंगा देतात, थट्टा करतात, आजारपणात लाकडं आणून टाकतात. त्या दिवशी मात्र तिला नुसती हाक मिळाली. उद्या ये, बघू, असं इबेक्वे पुढे म्हणाला होता. उद्याची रांग लागायच्या आत उझोमा गेला. दूरच्या रेडिओवर रोज कुणीतरी त्या भागातल्या भुकेबद्दल चिंता व्यक्त करायचं. चिंतेचा पुरवठा कधी कमी पडला नाही.

तेव्हापासून उगोये इबेक्वेशी बोलली नाही. सहा वर्षांची ओलान्मा तेवढी तिला उरली होती, आणि पेटीतले पाच शर्ट.

सात महिन्यांनी एक लंगडा शिपाई गावातून जाताना सांगून गेला की अनोसिकेची तुकडी उमुआहिया शहराच्या वाटेवर संपली. प्रेत पाहिलंस का, असं उगोयेने विचारलं. तो म्हणाला, बाई, तिथे पाहण्यासारखं काही राहिलं नव्हतं. गणिताच्या हिशेबाने हे उत्तर अपुरं होतं. भावकीला ते पुरलं. इबेक्वेला तर फारच पुरलं, कारण मृताची बायको आणि त्याचं पत्र्याचं घर थोरल्याकडे जातं, आणि दिवस घातल्याशिवाय माणूस रीतसर मेलेला नसतो.

प्रेत नसलं की तिथे केळीचं खोड पुरतात. माणसाच्या उंचीचं तोडायचं, त्याचे कपडे त्याला घालायचे आणि त्याच्याच अंगणात मातीला द्यायचं. मातीला माणूस कळतो तो कपड्यावरून. एप्रिलमधल्या एका आफोला, म्हणजे दर चौथ्या दिवशी भरणाऱ्या बाजाराच्या दिवशी, सकाळी खोड आणलं. भावकी जमली. उगोयेकडे शर्ट मागितला.

"माझा नवरा मेलेला नाही," ती दारातून म्हणाली. "आणि मेलेल्याशिवाय त्याचा एक धागाही मिळणार नाही."

बायकांनी समजावलं, पुरुषांनी आवाज चढवला. तिने कमरेच्या गाठीवर हात ठेवला आणि तो काढला नाही. ऊन चढत होतं. दुपारी विमानं यायची, आणि बॉम्ब टाकणाऱ्याला खालचा जमाव बाजार आहे की मयत आहे याची फारशी चौकशी नसे. घाई होती. शेवटी इबेक्वेने अंगातला शर्ट उतरवला. लाल-काळ्या चौकड्यांचा, परदेशातून गाठोड्यात आलेला, गरिबांसाठी.

"सख्खे भाऊ आहोत," तो म्हणाला. "रक्त एकच. मातीला काय फरक पडतो?"

भावकीतला सर्वांत म्हातारा ओन्येमा पुटपुटला की दुसऱ्याचा कपडा घालायचा नसतो. इबेक्वेने त्याला बाजूला नेलं. परत आला तेव्हा म्हाताऱ्याच्या काखेत सुक्या माशाचं डोकं होतं आणि मत बदललं होतं.

इबेक्वेने खोडाला स्वतःच्या हाताने शर्ट घातला. खालून वरपर्यंत सगळी बटणं लावली. गळ्याचंही लावलं. उगोयेला दारातून सगळं दिसत होतं. अजूनही ती म्हणू शकली असती: थांबा, देते शर्ट. तिच्या डोळ्यांपुढे यादीवरून फिरणारं एक बोट आलं. गाठीवरचा हात तिथेच राहिला.

माती लोटून झाल्यावर तो उघड्या अंगाने तिच्याजवळ आला. नव्या कोनफळांच्या सणानंतर घरी न्यायला येतो, असं हळू आवाजात म्हणाला. मग हसला. "आता 'आमची' कशाला? माझीच."

पहिली विचित्र गोष्ट भावकीच्या बैठकीत घडली. बैठकीच्या मानाची कोलाची कडू बी फोडून तबक फिरवलं गेलं. ते इबेक्वेच्या उजव्या हाताच्या माणसाकडून थेट डाव्या हाताच्या माणसाकडे गेलं. इबेक्वेने हात पुढे केलेला होता. मला वगळता काय रे, मी काय परक्या गावचा आहे, असं तो म्हणाला. कुणी हसलं नाही. कुणी ऐकल्यासारखंही दिसलं नाही.

मग रांगेत. उगोये ओलान्माला घेऊन उभी होती. इबेक्वे टेबलामागे बसलेला, यादी समोर. पुढच्या दोन बायका त्याच्याकडे तोंड करून बोलत होत्या.

"वाटणारा आज मेलाबिला की काय?"

"मेला असता तर भावकीने दिवसांना बैल मागितला असता."

इबेक्वे उठून उभा राहिला. टेबलावर हात आपटला. मागे कुणाचं तरी पोर दचकून रडलं. बायका तशाच उभ्या. थोड्या वेळाने आतून एक नर्स आली, रिकाम्या खुर्चीकडे पाहून तिने तोंड वाकडं केलं, आणि यादी बाजूला सारून सरळ वाटायला लागली. त्या दिवशी गावातल्या प्रत्येक पोराला दूध मिळालं. उगोये भांडं घेऊन घरी आली, उझोमाचा विचार करत चुलीपुढे बसली, आणि तिला इतका राग आला की दूध नासेल असं वाटलं.

तिलाही कारण सापडत नव्हतं. ताप आलेल्या, उपाशी माणसांना भास होतात हे तिला ठाऊक होतं. पण सगळ्या गावाला एकाच माणसाचा भास न होणं, हे कुठल्या रकान्यात मांडायचं?

पुढच्या आठवड्यात इबेक्वेची बायको म्बाफो डोकं भादरून आली. विधवा भादरतात तसं, पूर्ण.

"कोण गेलं गं?" उगोयेने विचारलं.

म्बाफोने डोक्यावरून हात फिरवला. "तेच आठवत नाही," ती म्हणाली. "सकाळी उठले, वाटलं, करायला हवं."

अंगणातल्या त्या जागी कोंब आला होता. पुरलं होतं ते नुसतं खोड. कंद नव्हता, मुळं नव्हती. उगोयेने तो ओढून पाहिला. हलला नाही.

इबेक्वे तिच्याकडे यायला लागला तो दुपारचा. तिला एकटीला तो दिसायचा. थोडा फिकट, घामेजलेला, अंगात काही नाही. त्याची लाज वाटल्यासारखे हात छातीवर धरून उंबऱ्याबाहेर बसायचा. म्बाफो मला वाढत नाही, असं सांगायचा. भांड्यातून हाताने घेतलं तर चव लागत नाही, घास मातीसारखा लागतो, असं सांगायचा. पुरलेलं उकरणं हे जमिनीविरुद्धचं पाप, ते त्याला करायचं नव्हतं. पाप म्हणून काही आहे हे त्याला या वयात आठवलं होतं. पण मातीत नुसता हात घालून कपडा बदलता येईल, तेवढ्याला माती रागावणार नाही, असं त्याचं म्हणणं.

"त्याचा एक शर्ट दे, उगोये. एकच. माझा काढून घेतो."

ती शेंगा सोलत होती. सोलत राहिली.

"गळ्याचं बटण फार आवळतं," तो म्हणाला. त्याच्या उघड्या गळ्याभोवती लाल वळ होता.

उगोयेने हातातली शेंग खाली ठेवली. मांडीवर एक यादी असल्यासारखं तिने बोट वरून खाली नेलं, आणि परत वर आणलं.

"तुमचं नाव नाही," ती म्हणाली. "उद्या या. बघू."

तो रोज आला. ती रोज तेच म्हणाली. तिला त्यात सुख होतं, हे ती स्वतःपासून लपवत नव्हती.

नव्या कोनफळांचा सण आला. कोनफळं नव्हती, कसावाच्या पाल्यावर सण झाला. भावकी उगोयेच्या अंगणात जमली आणि तिला कुणाच्या घरी न्यायचं ठरलं होतं यावर बराच वेळ चर्चा झाली. कुणालाच आठवेना. अनोसिकेला भाऊ होता का, असं कुणीतरी विचारलं. ओन्येमा म्हाताऱ्याने डोळे मिटून घेतले. थोड्या वेळाने सगळे उठून गेले.

त्या संध्याकाळनंतर इबेक्वे उंबऱ्याशी आला नाही. केळ पुरुषभर उंच झाली होती.

जानेवारीत लढाई संपली. रेडिओवर सांगितलं की कुणी जिंकलं नाही आणि कुणी हरलं नाही. उगोये रेडिओ असलेल्या घराकडे पाहून थुंकली. आणि आठ दिवसांनी अनोसिके चालत आला. काटकीसारखा, बनियनच्या चिंध्या, डोक्यावर ती टोपी.

तो फारसं बोलला नाही. एवढंच म्हणाला की एप्रिलमध्ये एका आफोच्या दिवशी खंदक अंगावर कोसळला. छातीपर्यंत, तोंडापर्यंत माती. श्वास संपला होता. मग ती माती हलकी झाली, कुणीतरी अंगावरून उचलून दुसरीकडे टाकावी तशी. उगोयेने तारीख विचारली नाही. तिला विचारायची गरज नव्हती.

ती रडली, हसली, त्याला भरवलं. ओलान्मा बापाला बिलगून झोपली. नवरा घरात आल्यावर किल्ली कमरेला कशाला? तिने ती खिळ्याला अडकवली.

चौथ्या दिवशी दुपारी तो आंघोळ करून आला. हात धुऊन चटईवर बसला, आणि निळा शर्ट दे म्हणाला. ओलान्मा मागे वाडगी काढत होती. उगोयेने पेटी उघडली.

पाच शर्ट होते. तिने मोजले. दोन पांढरे, खाकी, पिवळ्या रेघांचा.

पाचवा लाल-काळ्या चौकड्यांचा होता.

घडी नीट घातलेली. सगळी बटणं उघडी. कॉलरमध्ये ओली माती.

"हा कुणाचा?" अनोसिकेने मागून विचारलं.

शेजारच्या अंगणातून म्बाफोची हाक आली, कंटाळलेल्या बायकांची असते तशी, रोजची. "अहो इबेक्वे, या की जेवायला. निवतंय."

उगोये दाराशी धावली. केळीच्या बुंध्याशी हातभर माती ताजी उकरलेली होती.

ती वळली. ओलान्माने चटईवर दोन वाडगी मांडली होती. एक आईचं, एक स्वतःचं. दोन्हींच्या मध्ये अनोसिके ओले हात घेऊन बसला होता, वाट पाहत.

उगोयेने आपलं वाडगं उचललं आणि त्याच्यापुढे ठेवलं.

ओलान्माने वाडग्याकडे पाहिलं, मग आईकडे.

"आई, तिथे कुणासाठी?"