दुसरं वाचन

"बाजूला व्हा, वितळतंय—" असं म्हणत एक माणूस आमच्या तळघरात धावत शिरला, आणि मी बाजूला व्हायच्या आत माझ्यावरच येऊन आदळला. हातात बर्फाची पेटी, कपाळावर घाम, शर्टाला व्हॅनिलाचा वास. इस्पितळाच्या तळघरात सहसा कोणी धावत येत नाही. तिथे आम्ही बसतो, शरीरातून काढलेल्या गाठी पातळ कापून, काचेवर चढवून सूक्ष्मदर्शकाखाली बघणारे डॉक्टर. पेशंट आम्हाला ओळखत नाहीत, आम्ही पेशंटला ओळखत नाही. सगळं कसं सुखात चाललेलं असतं.

"काय वितळतंय?" मी कोट झटकत विचारलं.

"आत्या," तो म्हणाला, आणि स्वतःच दचकला. "म्हणजे... आत्याची गाठ. छातीतली. दुसऱ्या इस्पितळात काढली, त्यांनी मेणात घालून दिलीये. म्हणाले, पुढची तपासणी तुमच्याकडे होते. आणि बाहेर हे ऊन..."

मी पेटी उघडली. बर्फाच्या ढिगात, पिशवीत पिशवी, त्यात आणखी पिशवी, आणि त्या सगळ्याच्या आत मेणाचा चिमुकला ठोकळा ऐटीत बसलेला.

"अहो, खिशात घालून आणला असतात तरी चाललं असतं. हे मेण इतक्यात वितळत नाही."

"माझं आइस्क्रीमचं दुकान आहे," तो ओशाळून म्हणाला. "आमच्याकडे सगळंच वितळतं."

मला हसू आलं. तिथेच माझं बिनसलं, पण ते कळायला मला वेळ लागला. हुशार माणसांना असल्या गोष्टी उशिरा कळतात.

खरं तर ठोकळा देऊन त्याने जायला हवं होतं. पण तो दारातच घुटमळला. "यात तुम्ही नक्की काय बघणार?"

एरवी अशा प्रश्नाला मी एका वाक्यात वाटेला लावते. त्या दिवशी खुर्ची दिली.

"कॅन्सरची पेशी आपल्याच शरीरातली असते," मी म्हटलं. "त्यामुळे शरीराचे राखणदार तिला घरचं माणूस समजून सोडून देतात. पण काही गाठींच्या पेशी अंगावर एक खूण जरा जास्तच मिरवत फिरतात. तिला अँटीजेन म्हणायचं. नेमकं त्या खुणेलाच जाऊन चिकटणारं औषध आहे. ते चिकटलं की पेशीची वाढ अडते आणि राखणदारांनाही कळतं, कुणाला धरायचं ते."

"आणि खूण नसेल तर?"

"तर ते औषध उपयोगाचं नाही."

तो पेटीचं झाकण उगाचच उघडत-मिटत म्हणाला, "आधीच्या औषधांनी काही झालं नाही. डॉक्टरांची सगळी भिस्त आता ह्याच्यावर आहे. मला आत्यानंच वाढवलंय हो... आई-बाप म्हणाल तर तीच."

मी घाईघाईने कामाचं बोलायला लागले. "आम्ही रंग लावून बघतो. खूण असली की पेशीभोवती तपकिरी कडं उमटतं. काहीच नाही तर शून्य, पुसटसं एक, बऱ्यापैकी दोन आणि गडद, सगळीकडून पूर्ण असेल तर तीन. दोन आलं तर आणखी एक तपासणी. तीन आलं की औषध सुरू."

"मग तीनच द्या."

"मी दुकानदार नाही."

"मी आहे," तो म्हणाला. "आमच्याकडे गिऱ्हाईक मागेल ते मिळतं." आणि हे म्हणताना त्याने माझ्याकडे असं पाहिलं, की मी ठोकळ्यावर नंबर घालताना पेन उलटं धरलं.

दुसऱ्या दिवशी तो पुन्हा आला, हातात चॉकलेटचा कप घेऊन. रिपोर्ट झाला का, हे विचारायला म्हणे. मी स्पष्ट सांगितलं की आमच्या खोलीत खायचं काही आणायचं नाही, नियम म्हणजे नियम. मग नियम पाळण्यासाठी मला बाहेर बाकावर त्याच्या शेजारी बसून तो कप संपवावा लागला.

"रंग जमलाय का?" त्याने कपाकडे बोट दाखवलं. "दोन की तीन?"

"दोन."

"फारच कडक हो तुम्ही."

"चव तीन," मी म्हटलं, आणि चमचा चाटताना त्याच्याकडे बघायचं टाळलं. जमलं नाही.

त्यानंतर तो आला तो चक्क आत्यांना घेऊन. वर रक्त तपासायला आल्या होत्या, तशाच खाली उतरल्या. अंगाने काटकुळ्या, खांद्याला लालभडक पर्स, आणि नजर अशी की त्यांची गाठ मी नाही, त्याच मला काचेवर चढवून तपासताहेत.

"तूच का गं ती?" त्या म्हणाल्या. "आमचा ठोंब्या परवापासून व्हॅनिला मागितलं की चॉकलेट देतोय. म्हटलं, बघून तरी येऊ काय प्रकार आहे."

"आत्या—" ठोंब्या कानापर्यंत लाल झाला. मी कागद शोधायला लागले. कुठला, ते विचारू नका.

"ह्यानं मला सगळं सांगितलंय," आत्या बाकावर टेकल्या. "म्हणजे चोर घरचाच, आणि फिरतोय भडक कपडे घालून. मग पकडायला काय अवघड आहे?"

"भडक घातले असतील तर," मी म्हटलं.

"घातले असणार. माझ्याच घरचा ना तो? मला फिकट रंग कधी आवडले नाहीत." मग त्यांनी माझा हात हातात घेतला. त्यांचा हात थंड होता. "पण काय असेल ते खरं सांग हं, पोरी. गोड लागेल असं नको. गोड घरी रग्गड आहे."

त्याच दुपारी काचपट्टी तयार झाली.

आमच्याकडे प्रत्येक काच दोघं वाचतात, वेगवेगळं, एकमेकांचा आकडा न बघता. पहिलं वाचन माझं होतं. मी डोळा लावला. तपकिरी, जिकडेतिकडे कडीच कडी. तीन! मी उठून पाणी प्यायले, परत बसले. तीनच ना? की दोन? भिंग बदललं, उजेड कमी केला, जास्त केला. आणि मग मला खरं कारण कळलं. काच लावायच्या आधीपासूनच माझ्या मनात तीन होतं. ती काच कोरी असती तरी मला तिथे तपकिरी दिसलं असतं. असा डोळा काय कामाचा? आत्यांनी तर खरं मागितलं होतं.

मी मॅडमच्या टेबलापाशी गेले. त्या आमच्या विभागाच्या प्रमुख, आणि त्या हसल्याचं कुणी पाहिलेलं नाही.

"मॅडम, ही स्लाइड मी वाचू शकत नाही."

"का? खराब आहे?"

"स्लाइड चांगली आहे. मी खराब आहे."

त्यांनी चष्मा काढला. "पेशंट नातेवाईक आहे?"

"नाही... म्हणजे, अजून नाही."

"अजून?"

"होतील, असं वाटतंय."

"हं. ज्याच्यामुळे होतील, त्याला हे माहीत आहे?"

"नाही, मॅडम."

"म्हणजे एकट्याच्या वाचनावर निष्कर्ष काढलात," मॅडमनी काच माझ्या हातून घेतली. "आपल्याकडे असं चालत नाही. जा, दुसरं वाचन घ्या."

ती काच मॅडमनी वाचली आणि वरच्या मजल्यावरच्या सरांनी वाचली. मी बाहेर त्याच बाकावर नखं खात बसले होते. मॅडम दारात आल्या. "तीन. सरांचंही तीन. औषध किती काम करेल ते पुढे कळेल, पण धरायला जागा आहे." मी बाथरूममध्ये जाऊन मनसोक्त रडले आणि तोंड धुऊन दुकान गाठलं.

डॉक्टरांचा फोन तिथे आधीच पोचला होता. आत्या गल्ल्यावर होत्या, तो काउंटरमागे हातात भरलेला चमचा घेऊन उभा. मला पाहून त्याचा चेहरा असा उजळला, की मी पाठ केलेलं सगळं विसरले.

"तुम्ही तीन दिलंत," तो म्हणाला.

"मी नाही दिलं. ती स्लाइड मी वाचलीच नाही." त्याचा चेहरा उतरला. मी घाईने म्हटलं, "जवळच्या माणसाची वाचायची नसते."

"पण आत्या तुमची कोण लागते?"

"मॅडमनी हेच विचारलं."

"मग... काय सांगितलंत?"

मी श्वास घेतला. "माझं वाचन तीन आहे. तुमच्याबद्दलचं. पण एकट्याचं धरत नाहीत, दुसरं लागतं... आणि ते पहिलं न ऐकता द्यायचं असतं. आता मी बोलून बसले, म्हणजे ते बाद—"

आइस्क्रीम चमच्यातून निसटून त्याच्या मनगटावरून कोपराकडे निघालं होतं.

"वितळतंय," मी हळूच म्हटलं.

"वितळू दे."

"बाद कशाला होतंय?" गल्ल्यावरून आत्या म्हणाल्या. "पेटी रिकामी घेऊन पहिल्याच दिवशी घरी आला, तेव्हाच म्हणाला होता... आत्या, गाठीचं अजून कळलं नाही, पण माझं तीन आलंय. तुझं ऐकायच्या कितीतरी आधी. हे चालेल ना तुमच्या नियमात?"

मी त्याच्याकडे पाहिलं. त्याने कोपरापर्यंत चिकट झालेला हात वर करून तीन बोटं दाखवली.

"चालेल," मी म्हटलं.

"मग सुरू करा औषध," आत्या म्हणाल्या आणि लालभडक पर्स उचलून, मागच्या खोलीत जाऊन, दार लोटून घेतलं.