मूकपटाला आवाज बाबांचा

दुर्गच्या मोहन नगरात आमच्या मराठी मंडळाने एका दुपारी जुना मूकपट ठेवला होता. भिलाईत पोलादाचा कारखाना यायच्या वेळी गावं कशी उठवली, त्याचा. त्यात माझे बाबा, शामराव, ठेकेदाराचा बुलडोझर चालवताना दिसतात, म्हणून मी त्यांना खुर्सीपारच्या घरून ऑटोने मिरवत घेऊन गेले. बाप माझा आहे, मी नाही मिरवणार तर कोण?

नव्वदीला टेकलेले बाबा माईक घेऊन पडद्याशेजारी उभे राहिले आणि मुक्या चित्राला आवाज देऊ लागले. हे मोहाचं झाड, ही बैलगाडीत भरलेली भांडी. पुढचं तर मला पाठच होतं: सगळं गाव निघालं, पण एक म्हातारी दारातून हलेना. मग बाबांनी मशीन बंद केलं, तिला हात दिला, तिचं गाठोडं स्वतः उचललं. ही गोष्ट ऐकतच मी लहानाची मोठी झाले. शाळेत त्यावर निबंधही लिहिला होता.

पडद्यावर म्हातारी दारात बसलेली दिसली.

"इथं मी मशीन बंद केली," बाबा म्हणाले.

मशीन थांबलं नाही.

पडद्यावरच्या तरण्या बाबांची नजर सरळ समोर, आणि मशीन दाराकडे सरकत चाललेलं. लॅपटॉपपाशी बसलेल्या मंडळाच्या परागला मी खुणेनेच सिनेमा बंद करायला सांगितलं. त्याने लॅपटॉप मिटला. चित्र चालूच राहिलं... आणि डिझेलचा, सारवलेल्या भिंतींचा वास यायला लागला.

बाबांनी माईक खाली ठेवला. ते पडद्यासमोर गेले, तशी त्यांची वाकलेली सावली बरोबर त्या दारात पडली.

"ऊठ, माय," ते हळूच म्हणाले. "मी आलो न... ऊठ."

म्हातारीने मान वर केली. सावलीचा हात धरला आणि उठली. मशीन रिकाम्या घरावरून गेलं, पडदा पांढरा झाला.

लोकांनी उभं राहून टाळ्या वाजवल्या. त्या काळी गावात खरं काय घडलं होतं, ते मी बाबांना विचारलं नाही, विचारणारही नाही. माझ्या बापाने तिला उठवलं, हे मी या डोळ्यांनी पाहिलं. अभिमानाने ऊर भरून आला माझा.

परतताना ऑटोत बाबा अगदी कडेला बसले. मी म्हटलं, एवढी जागा आहे, नीट बसा.

"तूच सरक जराशी, कीर्ती," ते म्हणाले. "मायले बसू दे."

मी सरकले. आमच्या दोघांमधली सीट हळूच खाली दबली.